काळाशी वाद घालणारी आन्द्रेथ

1902 सालच्या पूर्वार्धात दक्षिण आफ्रिकेतलं बोअर युद्ध शेवटच्या टप्प्यात होतं. ऑरेंज फ्री स्टेटमध्ये, उद्ध्वस्त लिंडली गावाजवळ ब्रिटिश फौजेचा तळ पडला होता. त्या तळावर जॉन विल्यम डन नावाच्या एका तरुण अधिकाऱ्याला रात्री स्वप्न पडलं. तो एका बेटावर उभा आहे, जमिनीला भेगा पडल्यात आणि त्यांतून वाफ उसळते आहे. बेट आता फुटणार हे त्याला कळतं. शेजारच्या बेटावरच्या फ्रेंच अधिकाऱ्यांना तो जहाजं पाठवा म्हणून विनवतो, चार हजार माणसं मरतील म्हणून सांगतो, पण कोणी ऐकत नाही. पुढे टपालातून वर्तमानपत्रांचा गठ्ठा आला. मार्टिनिक बेटावरच्या माउंट पेले ज्वालामुखीने 8 मे रोजी सेंट पिएर शहर गिळलं होतं. मथळ्यात मृतांचा अंदाज दिला होता चाळीस हजारांचा. डनने तो वाचला चार हजार असा, आणि पुढे कित्येक वर्षं ही हकीकत सांगतानाही तो चार हजारच म्हणत राहिला. मजकूर उतरवून घ्यायची वेळ आली तेव्हा कुठे सुटलेलं शून्य त्याच्या ध्यानात आलं.

त्या शून्यावरून डनने काढलेला निष्कर्ष विलक्षण होता. स्वप्नात आपण ज्वालामुखी पाहिलाच नव्हता, आपण पाहिला होता तो पुढे घडणारा आपलाच अनुभव, म्हणजे चुकीचा वाचलेला तो मथळा. भविष्यातली स्वतःचीच एक आठवण स्वप्नात आधी येऊन गेली, असं त्याचं म्हणणं. डन पुढे विमानं बनवू लागला, शेपटी नसलेल्या, मागे कललेल्या पंखांच्या विमानांसाठी त्याचं नाव झालं. स्वप्नांची नोंदवही मात्र त्याने सोडली नाही. जाग येताक्षणी, दुसरा विचार मनात शिरण्याआधी, स्वप्न कागदावर उतरवायचं आणि मग येत्या दिवसांशी ताडून पाहायचं, ही त्याची पद्धत. 1927 साली ‘ॲन एक्सपेरिमेंट विथ टाइम’ हे त्याचं पुस्तक आलं आणि इंग्लंडातले लेखक त्याने झपाटून गेले. जे. बी. प्रीस्टलीची काळावरची काही नाटकं याच झपाटलेपणातून आली. डनचं म्हणणं थोडक्यात असं: काळ वाहतो म्हणायचं तर तो किती वेगाने वाहतो हे मोजायला दुसरा काळ हवा, त्याला मोजायला तिसरा. तसाच आपल्या आत पाहणाऱ्याच्या मागे आणखी एक पाहणारा असतो. जागेपणी लक्ष ‘आत्ता’ला खिळलेलं असतं, झोपेत ते सुटतं आणि मागे-पुढे फिरतं. पाहणाऱ्यामागे पाहणारा ही साखळी कुठे संपतच नाही, हा आक्षेप तत्त्वज्ञांनी घेतला आणि तो रास्त होता. पण कथालेखकांना सिद्धता नको होती, वाट हवी होती.

ही वाट धरणाऱ्यांमध्ये ऑक्सफर्डचा एक प्राध्यापक होता. योगायोग असा की त्याचा जन्मही त्याच ऑरेंज फ्री स्टेटमधला, ब्लूमफाँटेनचा, 3 जानेवारी 1892चा. जॉन रोनाल्ड रूएल टॉल्किन. चार वर्षांचा असताना वडील गेले, बारा वर्षांचा असताना आई. 1916च्या सोमच्या लढाईत तो स्वतः होता. त्या वर्षी त्याच्या शाळकरी मित्रांपैकी रॉब गिल्सन आणि जेफ्री स्मिथ हे दोघे मारले गेले. त्याच काळात त्याने स्वतःचं एक जग रचायला घेतलं. ते पुढे पन्नासेक वर्षं, 1973 साली तो मरेपर्यंत, चालूच राहिलं. त्या जगात वय होऊन न मरणारे एल्फ आहेत आणि मरणारी माणसं आहेत. कितीही काळ जगू शकणाऱ्या जाणिवेला काळ कसा दिसेल, हा प्रश्न त्याने जितक्या चिकाटीने लावून धरला तितका क्वचितच कोणी धरला असेल. एल्फांचं काळाविषयीचं आणि मनाविषयीचं तत्त्वज्ञान हे माझ्या मते विसाव्या शतकातल्या कल्पित साहित्याचं सर्वांत गंभीर काम आहे. ते एका दमात आलं नाही. त्याला इतिहास आहे, चुकलेल्या वाटा आहेत, आणि एका प्रौढ बाईने त्याला दिलेला धक्का आहे.

सुरुवात अगदी पुराणकथेसारखी होती. पहिल्या महायुद्धानंतरच्या ‘बुक ऑफ लॉस्ट टेल्स’मध्ये देवांच्या सभेत तीन म्हातारे येतात: डानुइन, रानुइन, फानुइन. एक दिवस, एक महिना, एक वर्ष. ते न दिसणारे दोर वळतात, आणि त्या दोरांनी सूर्य-चंद्र आणि त्यांच्यासह देवसुद्धा काळाला बांधले जातात. चित्र सुंदर आहे, पण त्यात अजून विचार नाही. काळ बाहेरून येतो आणि बांधतो, एवढंच.

1936-37च्या सुमारास टॉल्किन आणि त्याचा मित्र सी. एस. लुईस यांच्यात एक करार झाला. आपल्याला आवडतात तशा गोष्टी कोणी लिहीत नाही, तेव्हा आपणच लिहू या, असं लुईसने सुचवलं. लुईसने अंतराळप्रवास घ्यायचा, टॉल्किनने काळप्रवास. लुईसने शब्द पाळला, 1938 साली ‘आउट ऑफ द सायलेंट प्लॅनेट’ छापून आली. टॉल्किनची ‘द लॉस्ट रोड’ चारेक प्रकरणांवर थांबली.

या अपुऱ्या कादंबरीत एच. जी. वेल्सच्या धर्तीचं यंत्र कुठे नाही. आल्बॉइन एरल नावाच्या इतिहासाच्या प्राध्यापकाला लहानपणापासून झोपेत अनोळखी भाषांचे तुकडे ऐकू येतात. तो ते टिपून ठेवतो, डनच्या नोंदवहीची आठवण यावी असेच. मग एके रात्री हजारो वर्षांपूर्वीचा एलेंडिल त्याच्यासमोर उभा राहतो आणि मागे येण्याचं आमंत्रण देतो, अट एवढीच की मुलाला सोबत घ्यायचं. बाप आणि मुलगा, बाप आणि मुलगा, अशा जोड्या इतिहासात मागे मागे जात शेवटी न्यूमेनॉर या बुडणाऱ्या बेटावर पोचणार होत्या. काळात मागे जायचं ते वंशाच्या आठवणीवरून. यामागे टॉल्किनचा स्वतःचा अनुभव होता. झाडं-शेतं गिळत येणारी एक प्रचंड लाट त्याला लहानपणापासून वारंवार स्वप्नात दिसत असे, आणि आपला मुलगा मायकेल यालाही, कधीही न सांगता, तेच स्वप्न पडतं हे त्याला बऱ्याच नंतर कळलं. स्वतःला असं स्वप्न पडत आलेल्या लेखकाने डनला गंभीरपणे घेतलं यात नवल नाही.

नोव्हेंबर 1937 मध्ये हस्तलिखित प्रकाशकाकडे गेलं. पण सप्टेंबरमध्येच टॉल्किनचं ‘द हॉबिट’ आलं होतं आणि प्रकाशकाला हवा होता त्याचा पुढचा भाग. डिसेंबरात ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ची पहिली पानं लिहिली गेली आणि काळप्रवास बाजूला पडला.

तो पुन्हा उफाळला 1945-46च्या सुमारास, ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ अडून बसलं असताना. या वेळचं नाव ‘द नोशन क्लब पेपर्स’. ऑक्सफर्डमधल्या काही मित्रांचं मंडळ, म्हणजे टॉल्किन-लुईस यांच्या ‘इंकलिंग्ज’ मंडळाचंच भविष्यात नेलेलं रूप. कथा घडते 1980च्या दशकात. मंडळातला रेमर शरीर अंथरुणावर ठेवून मन दूरच्या जगांवर न्यायची सवय करतो. दुसरे दोघे, लाउडम आणि जेरेमी, एका संध्याकाळी बोलता बोलता हजारो वर्षांपूर्वीच्या बुडत्या न्यूमेनॉरमध्ये असल्यासारखे ओरडू लागतात, आणि बाहेर इंग्लंडवर महाभयंकर वादळ कोसळतं. टॉल्किनने त्या वादळाची तारीख घातली आहे जून 1987. खरोखरीचं मोठं वादळ इंग्लंडच्या दक्षिणेवर आलं ते ऑक्टोबर 1987 मध्ये. हे हस्तलिखित 1992 साली प्रसिद्ध करताना टॉल्किनचा मुलगा क्रिस्टोफर याने हा चार महिन्यांचा फरक नोंदवून ठेवला आहे. मला त्यापेक्षा महत्त्वाची वाटते ती वेगळीच गोष्ट. ही कादंबरीही अर्धवट राहिली. काळ म्हणजे एक प्रदेश, तिथे मनाने फिरून येता येतं, ही डनची कल्पना टॉल्किनने दोनदा कसून वापरून पाहिली आणि दोन्ही वेळा त्याची गोष्ट तिथे अडली. प्रवासी कोणीही असला तरी तो परत येतो. ज्याच्यावर काळाने खरोखर काही लादलं आहे असा माणूस या गोष्टींमध्ये नव्हता.

‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’मधलं लोथलोरियन हे त्या दृष्टीने पहिलं यश. एल्फांच्या त्या वनातून बाहेर पडून गोष्टीतले प्रवासी नदीतून जात असताना सॅम, म्हणजे गोष्टीतला माळी, आकाशात चंद्राची बारीक कोर पाहतो आणि गोंधळतो. वनात शिरतानाचा चंद्र त्याला नीट आठवतो. त्यावरून हिशेब केला तर वनात आपण एक रात्रही राहिलो नाही असं निघतं. त्याचा मालक फ्रोडो म्हणतो, कदाचित तिथे आपण फार पूर्वीच्या कुठल्यातरी काळात होतो. क्रिस्टोफरने छापलेल्या कच्च्या खर्ड्यांवरून दिसतं की टॉल्किनलाही आधी हेच हवं होतं: वनात दिवस जातात, बाहेर काळ थांबतो. आपल्या वाचकाला इथे ककुद्मी राजा आठवेल. मुलगी रेवतीसाठी वर विचारायला तो ब्रह्मदेवाकडे गेला, गाणं संपेपर्यंत थांबला, आणि तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगं उलटली. युरोपातल्या परीकथाही याच वळणाच्या आहेत.

टॉल्किनने छापताना ही सोय सोडली. एल्फ लेगोलस फ्रोडोचं म्हणणं नाकारतो. काळ कुठेच थांबत नाही. मात्र एल्फांना जग एकाच वेळी फार वेगाने आणि फार संथपणे जाताना दिसतं. वेगाने, कारण ते स्वतः फारसे बदलत नाहीत आणि बाकीचं सगळं निसटून जातं, याचं त्यांना दुःख आहे. संथपणे, कारण स्वतःसाठी ते वर्षं मोजत नाहीत. आणि सोबतचा ॲरागॉर्न सॅमला हिशेब समजावतो: एक पूर्ण महिना गेला, तुझी मोजणी हुकली. म्हणजे काळ सगळ्यांना एकच, पण जाणिवा दोन. डनपासून टॉल्किन इथे वेगळा झाला. हे वळण मला फार मोलाचं वाटतं, कारण जादू कमी करून त्याने प्रश्न अवघड केला.

पुस्तकाच्या परिशिष्टात एल्फांची कालगणना आहे. ते बाराच्या पटीत मोजतात. त्यांचा आठवडा सहा दिवसांचा आणि ऋतूही सहा, काही 54 दिवसांचे, काही 72 दिवसांचे. पण त्यांचं खरं ‘वर्ष’ आहे ‘येन’: आपल्या 144 वर्षांचं, म्हणजे 52,596 दिवसांचं. सामान्य माणूस एक येनही पुरा करू शकत नाही. या कोरड्या आकड्यांतच त्या दोन जातींमधली दरी सगळ्यात स्पष्ट दिसते.

पुस्तक 1954-55 मध्ये तीन खंडांत आलं, वाचकांची पत्रं येऊ लागली, लोक बारीकसारीक प्रश्न विचारू लागले. 1959 साली टॉल्किन प्राध्यापकीतून निवृत्त झाला. या दोन-तीन वर्षांत एल्फांचं तत्त्वज्ञान झपाट्याने उभं राहिलं. कार्ल हॉस्टेटरने 2021 साली संपादित केलेल्या ‘द नेचर ऑफ मिडल-अर्थ’ या संग्रहात त्या दिवसांतली पानं आहेत. एल्फ किती वर्षांत वयात येतो, पिढ्या किती अंतराने येतात, पहिल्या 144 एल्फांपासून अमुक काळात संख्या किती होईल, यांचे हिशेब पानांमागून पानं चालतात. आकडा जमला नाही की पहिल्यापासून. कोणाला हा निव्वळ छंद वाटेल. मला त्यात प्रामाणिकपणा दिसतो. ‘अमर’ असं म्हणून तो थांबला नाही. तसं आयुष्य दिवसांच्या हिशेबात बसतं का, हे त्याला तपासायचं होतं.

या काळातल्या लेखनात एल्फांची धारणा अशी: त्यांचा जीव पृथ्वीच्या आयुष्याला बांधलेला आहे. शरीर मारलं गेलं तरी जीव जगाबाहेर जात नाही, त्याला परत येता येतं. वय वाढतं तसा आतला जीव शरीराला हळूहळू आटवत नेतो आणि शेवटी शरीर ही त्या जीवाने धरून ठेवलेली नुसती आठवण उरते. आठवण त्यांच्याकडे धूसर होत नाही, ती जागेपणीच्या अनुभवाइतकी लख्ख असते. यातच त्यांचा दोष आहे, असं टॉल्किनने पत्रांमध्ये स्पष्ट लिहिलं आहे. त्यांना बदलत्या जगात राहायचं आहे आणि त्याचा बदल मात्र रोखायचा आहे. त्यांच्या अंगठ्यांचं मुख्य बळ कशासाठी, तर झीज थांबवण्यासाठी. प्रेताला मसाले भरून टिकवणाऱ्यांशी त्याने त्यांची बरोबरी केली आहे, आणि ती कठोर असली तरी योग्य आहे.

‘ओसान्वे-केन्ता’ या 1960च्या आसपासच्या निबंधात गोंडोलिन नगरीचा पंडित पेंगोलोध मनांविषयी सांगतो. मनं दर्जाने सारखी आहेत. कोणतंही मन दुसऱ्यासाठी उघडू शकतं आणि मिटूही शकतं. मिटलेलं मन जबरदस्तीने उघडणं सर्वांत बलाढ्य देवालाही शक्य नाही, त्याला गोड बोलून, विश्वास संपादून आत शिरावं लागतं. आणि भविष्य? ते कोणत्याही मनाला आपल्या बळावर दिसत नाही. तर्काने अंदाज करता येतो, किंवा ज्याला सृष्टिकर्त्याचा हेतू ठाऊक आहे त्याच्याकडून कळू शकतं, एवढंच. ज्या माणसाने वीस-पंचवीस वर्षांपूर्वी डनच्या वहीवर विश्वास ठेवून कादंबरी लिहायला घेतली, त्याच्या पंडिताने डनचं दार असं लावून घेतलं. काळ ही फिरायची जागा नाही.

तरीही इथवर हे सगळं एका बाजूचं तत्त्वज्ञान होतं. एल्फ बोलतात, एल्फच मान हलवतात. टॉल्किनने 1959च्या सुमारास ‘आथ्राबेथ फिनरॉड आह आन्द्रेथ’ लिहिलं आणि त्या तत्त्वज्ञानासमोर प्रतिपक्ष उभा केला.

फिनरॉड हा एल्फांचा राजा, माणसांवर खरी माया करणारा, विचारी. आन्द्रेथ ही माणसांतली ज्ञानी स्त्री, पन्नाशीच्या उंबरठ्यावर आलेली. फिनरॉडच्या लेखी मृत्यू ही माणसांना मिळालेली देणगी आहे: माणूस जगाच्या वर्तुळाबाहेर जाऊ शकतो, एल्फ जाऊ शकत नाही. आन्द्रेथ हे सांत्वन झिडकारते. तिच्या लोकांतले शहाणे सांगतात की माणूस मरण्यासाठी जन्मलाच नव्हता, मृत्यू त्याच्यावर लादला गेला. एल्फांना काय कळणार, मरण त्यांना अपघातासारखं येतं आणि परतीचा रस्ता खुला असतो. माणसामागे मात्र शिकारी लागलेला असतो, आज ना उद्या गाठतोच. फिनरॉड हादरतो. हे खरं असेल तर अंधाराच्या देवाची ताकद एल्फांना वाटत होती त्याहून कितीतरी मोठी ठरते. आणि मग तो कबूल करतो की एल्फांनाही अंत आहे. त्यांचा शिकारी संथ आहे, पण माग कधी सोडत नाही. जग संपेल तेव्हा तेही संपतील, आणि त्यापलीकडचं त्यांना कोणीही काही सांगितलेलं नाही.

त्यानंतर फिनरॉड माणसांच्या जाणिवेविषयी जे सांगतो ते मला या सगळ्या परंपरेचा गाभा वाटतं. एल्फ एखादी वस्तू तिच्यासाठीच पाहतो. माणूस ती पाहताना जणू दुसरंच काही शोधत असतो, तिच्यावर जीव लावतो तोही ती आणखी कशाची तरी आठवण करून देते म्हणून. ते आणखी काय, हे माणसालाही सांगता येत नाही. फिनरॉड त्यातून आशा काढतो: पाहुण्याची ही नजर माणसाला मुळातच दिली असेल, तर शरीरासह काळापलीकडे जाणं हेच त्याचं काम असेल, आणि जाता जाता तो एल्फांनाही सोडवेल. आन्द्रेथही दबक्या आवाजात एक जुनी श्रद्धा सांगते, की सृष्टिकर्ता स्वतः या जगात उतरेल. टॉल्किन कट्टर कॅथलिक होता. हे ख्रिस्ती धर्माचं विडंबन तर होत नाही ना, ही धास्ती त्याने टिपणात लिहून ठेवली आहे.

वाद इथेच थांबला असता तर तो उत्तम निबंध झाला असता. पण आन्द्रेथचा आवाज चढतो आणि खरी गोष्ट बाहेर येते. तरुणपणी तिने फिनरॉडच्या भावावर, आएग्नोरवर, प्रेम केलं होतं. तो तिला सोडून गेला. का, याचं उत्तर फिनरॉडकडे आहे. आएग्नोरचंही तिच्यावर प्रेम होतं आणि तिच्यासाठी तो पुढे कोणाशीच लग्न करणार नाही. पण युद्धाचा काळ होता, आणि एल्फांना पुढे हजारो वर्षं आठवणीत जगायचं असतं. तिचं म्हातारपण पाहण्यापेक्षा शेवटच्या संध्याकाळी पाहिलेली ती तशीच मनात ठेवणं त्याने पत्करलं. आन्द्रेथला हे पटत नाही. त्याच्यासोबतच्या एका वर्षासाठी, एका दिवसासाठीही, तिने आपलं सगळं दिलं असतं. आठवण कोणाजवळ राहणार? त्याच्याजवळ. तिच्या वाट्याला आलेली वर्षं मात्र तिने एकटीने काढली.

फिनरॉड यावर सिद्धान्त मांडत नाही, मांडूही शकत नाही. आठवण लख्ख असते म्हणून ती जगण्याच्या बरोबरीची ठरत नाही, हे आन्द्रेथने दाखवून दिलेलं असतं. आई-बाप आणि मित्र इतक्या लवकर गमावलेल्या लेखकाने आठवणीचं इतकं मोठं तत्त्वज्ञान रचावं आणि मग ते एका दुखावलेल्या बाईकडून अपुरं ठरवून घ्यावं, याला धैर्य लागतं.

हा संवाद टॉल्किनने जानेवारी 1960च्या एका वर्तमानपत्राच्या घडीत ठेवला होता आणि वर लिहिलं होतं की ‘सिल्मारिलियन’ या त्याच्या पुराणकथांच्या ग्रंथाच्या परिशिष्टात हा शेवटचा लेख असावा. त्याच्या मृत्यूनंतर, 1977 साली आलेल्या ‘सिल्मारिलियन’मध्ये तो घेतला गेला नाही. तो 1993 साली ‘मॉर्गॉथ्स रिंग’ या खंडात आला, टॉल्किनच्याच सविस्तर टिपणांसह, आणि ‘ओसान्वे-केन्ता’ 1998 साली, एल्फांच्या भाषांना वाहिलेल्या ‘विनयार टेंग्वार’ या छोट्या नियतकालिकात. त्यामुळे सिनेमे पाहून एल्फांना ओळखणाऱ्या बहुतेकांना आन्द्रेथ भेटतच नाही. एल्फांची गाणी, त्यांची वनं, त्यांचं जहाजातून निघून जाणं सगळ्यांना ठाऊक आहे. त्या जाण्यामागचा हिशेब मात्र आन्द्रेथने मागितला होता, आणि फिनरॉड तिला एवढंच सांगू शकला की तू जिथे जाशील तिथे माझ्या भावाची वाट पाहा, आणि माझीही.